हात तेरा, डोकी दहा

गणिताच्या मास्तराकडे गमतीदार अनुभवांचा साठा असतो, असं या अंकाच्या संपादकांना कोणी सांगितलं कोण जाणे. माझ्याकडे साठा आहे तो खडूच्या धुळीने धरलेल्या खोकल्याचा, आणि तीच ती चूक जन्मभर दुरुस्त करून आलेल्या शिणाचा. इतिहासाच्या मास्तराला निदान लढाया तरी असतात. आम्ही तेच हौद भरले, तेच रिकामे केले, त्याच आगगाड्या त्याच पुलावरून नेल्या. दरवर्षी नवी पोरं आली आणि नेमक्या त्याच जागी ठेचकाळली. कंटाळा यायचा का, असं कोणी विचारलं तर यायचा, असंच उत्तर आहे. पण संपादकांची भीड मोडवेना, म्हणून लिहायला बसलो आहे.

दिग्रसच्या शाळेत मी लागलो छप्पन साली. त्याच वर्षी आमचा जिल्हा मध्यप्रदेशातून मुंबई राज्यात गेला आणि साठ साली महाराष्ट्रात आला. आम्ही होतो तिथेच होतो, पण प्रत्येक वेळी पुस्तकं बदलली आणि तपासणीला येणारे साहेब बदलले. मध्येच नवे पैसे आले. शेकडा साडेबारा म्हणजे रुपयाला दोन आणे, हे जुन्या पोरांना तोंडपाठ असायचं. आता रुपयाचेच शंभर तुकडे झालेत, तेव्हा शेकडेवारी सोपी जाईल असं आम्हा मास्तर लोकांना वाटलं. कसलं काय! शेकडेवारीत घाम काढणारा प्रकार वेगळाच आहे आणि त्याला नाण्यांशी काही देणंघेणं नाही.

त्या प्रकाराला आम्ही 'दोन्हीची उदाहरणं' म्हणायचो. एक नमुना देतो. परीक्षेत शेकडा पासष्ट मुलं गणितात पास झाली, शेकडा सत्तर इंग्रजीत. शेकडा पंधरा दोन्हीत नापास. दोन्हीत पास झालेली मुलं शंभर असतील, तर परीक्षेला एकूण किती बसली? पोरगा काय करतो, पासष्ट आणि सत्तर यांची बेरीज करतो. एकशे पस्तीस येतात. मग तो माझ्या तोंडाकडे पाहतो. शंभरात एकशे पस्तीस कसे मावले? तर जी मुलं दोन्हीत पास झाली ती गणितातही मोजली गेली आणि इंग्रजीतही. शंभरातून दोन्हीत नापास झालेले पंधरा काढले की उरले पंच्याऐंशी. हे कुठे ना कुठे पास आहेत. एकशे पस्तीसातून पंच्याऐंशी गेले, राहिले पन्नास. दोनदा मोजलेले ते हे. शेकडा पन्नास म्हणजे शंभर मुलं, तर एकूण दोनशे. वाचकांना आत्ता समजलं असेल. माझ्या पोरांनाही फळ्यासमोर समजायचं, पण घरी जाईपर्यंत उतरून जायचं.

पोरांचंच कशाला सांगू? आमच्या शाळा समितीचे अध्यक्ष कापसाच्या एका जिनिंग कारखान्याचे मालक होते. सरकीचा भाव बोटांवर काढणारा माणूस. एका वर्षी निकाल लागला आणि त्यांनी मला जिनात बोलावून घेतलं. हंगाम होता, बाहेर बैलगाड्यांची रांग आणि आत बोलण्याच्या वरचढ यंत्रांचा आवाज. ते ओरडले, "मास्तर, गणितात शेकडा चाळीस नापास, इंग्रजीत शेकडा पस्तीस! पाऊण शाळा बसली ना बाप्पा! मी गावात तोंड कसं दाखवू?"

मी म्हटलं, "शेठजी, पाऊण नाही. त्यातले शेकडा तीस दोन्हीकडे तेच आहेत. एकूण नापास पंचेचाळीसच."

त्यांनी डोळे बारीक करून माझ्याकडे पाहिलं. "तेच पोट्टे दोन्हीकडे? त्याईनं काय नापास व्हायचा ठेका घेतला काय?"

"तसंच समजा."

"मंग तुमी आकडा एकदाच सांगा ना! एका गाडीचं वजन दोनदा कायले करता?" एवढं बोलून ते काट्याकडे निघून गेले. त्यांना समजलं की नाही, मला आजवर कळलेलं नाही. त्या वर्षी माझी नोकरी टिकली, म्हणजे समजलं असावं.

आता ज्याच्यासाठी हे सगळं लिहितो आहे, त्या माणसाकडे येतो. त्याचं नाव प्रेमसिंग. दिग्रसपासून सायकलने तासाभराच्या वाटेवर त्यांचा बंजारा तांडा होता, आणि तिथल्या एकमास्तरी शाळेवर हा तात्पुरता मास्तर होता. त्याचे पणजोबा बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलखाचा मुलूख हिंडलेले. प्रेमसिंगच्या घरी चार एकर पऱ्हाटी, म्हणजे कपाशी, होती, आणि आख्ख्या तांड्यात सातवीच्या पुढे गेलेला तो एकटाच होता. वयाने माझ्याच बरोबरीचा, डोक्यावर पांढरा फेटा, आवाज अगदी मऊ. एका रविवारी तो तुरीच्या ओल्या शेंगांचं गाठोडं घेऊन माझ्या दारात उभा राहिला.

"गुरुजी, मले गणित शिकवा," तो म्हणाला. "दोनदा मॅट्रिकले बसलो. सारे इषय निघते, गणितात नापास होतो. या साली नाई निघालो तं मले काढून टाकतात."

वरून तसं आलंच होतं. मॅट्रिक नसलेले तात्पुरते मास्तर कमी होणार होते. मी म्हटलं, "काढलं तर शेती आहे ना? काय बिघडतं?"

"माह्यं काई बिघडत नाई. शाळेचं बिघडते." तो ओसरीच्या कडेला टेकला. "माह्या पयले तीन मास्तर येऊन गेले. चांगले होते बिचारे. पन आमच्या लेकराईले घरी गोरबोलीच ठाऊक. मास्तर मराठीत म्हने पाटी काढा, लेकरं आपले त्याच्या तोंडाकडे पाहे. मास्तर म्हने हे ठोंबे आहेत, अन् लेकरं ढोरामागं पळून जाये. मी आधी गोरबोलीत सांगतो, मंग मराठीत सांगतो. आता बसते लेकरं. मी गेलो तं पुन्हा ढोरामागं."

खरं सांगायचं तर मला तेव्हा आणखी एक विद्यार्थी नको होता. आठवडाभर पाच वर्ग, संध्याकाळी दोन शिकवण्या, रविवार तेवढा माझा. पण आमच्या सौभाग्यवतीने आतून शेंगांसाठी टोपलं आणलं आणि त्याला म्हणाली, "बसा भाऊ, च्या ठेवते." झालं, माझा रविवार गेला तो परीक्षेपर्यंत.

प्रेमसिंग ढ नव्हता. व्याज, नफातोटा, काळकाम, सगळं तो सरळ करायचा. अडायचा तो दोन्हीच्या उदाहरणांत, आणि अडायचा म्हणजे माझ्याशी वाद घालायचा. त्या वर्षांत हा प्रकार पेपरात हटकून येई आणि त्याला गुण चांगले असत. गणितात काठावर बसणाऱ्याला ते सोडून देणं परवडणारं नव्हतं. म्हणून मी पुस्तक बाजूला ठेवून त्याच्या ओळखीचं उदाहरण घ्यायचं ठरवलं. मास्तर लोकांची ही जुनी खोड आहे. ओळखीचं दिलं की समजतं, असा आमचा भाबडा विश्वास.

"समजा लग्न आहे," मी म्हटलं. "शंभर माणसं धरा. साठ नवरीकडची, सत्तर नवरदेवाकडची. तर मला सांगा..."

"एकशे तीस पानं," तो पटकन म्हणाला.

"अहो, माणसं शंभरच आहेत!"

"असू द्या ना. जो दोन्हीकडचा सोयरा आहे, तो दोन्हीकडे जेवते. नवरीकडे जेवला अन् नवरदेवाकडे नाई बसला, तं ते रुसते. आहेरबी त्याले दोन्हीकडे करा लागते. शंभराचा स्वयपाक केला गुरुजी, तं लगनात भांडन होते."

आतून सौभाग्यवतीचा आवाज आला, "बरोबर बोलून राह्यले ते. माह्या भावाच्या लग्नात हेच झालतं."

मी कपाळावर हात मारला. पण त्याचं म्हणणं हसण्यावारी नेता येईना. पुढच्या रविवारी मी भाषेचं उदाहरण काढलं. शेकडा पंच्याहत्तर मराठी बोलतात, शेकडा साठ हिंदी, एकही भाषा येत नाही असा कोणी नाही, तर दोन्ही बोलणारे किती? त्याने पेन्सिल खाली ठेवली. मग म्हणाला, "गुरुजी, तुमचं पुस्तक त्या पस्तीस लोकाईले उगाच वजा करते. दोन भाषा येनारा मानूस दोन मानसाचं काम करते. मी एक धडा रोज दोनदा शिकवतो. पगार एकाचा भेटते, ते येगळं. पन मले एकदाच मोजा म्हनता, ते मनाले पटत नाई."

इतकी वर्षं हे उदाहरण शिकवताना वजा होणाऱ्या पस्तिसांत कोणी बसलेलं असतं, हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. मी एवढंच म्हटलं, "पटू नका देऊ. परीक्षेपुरतं वजा करा." तो हसला, पण सायकलवर बसताना त्याचा चेहरा उतरलेला होता. त्या दिवशी मला वाटलं, हा याही वर्षी नापास होतो.

नंतरचे दोन रविवार तो आलाच नाही. कापसाची वेचणी सुरू होती, त्यामुळे मी फारसा विचार केला नाही. तिसऱ्या रविवारी सकाळी, मी दाढी करत असताना, त्याची सायकल अंगणात येऊन आदळली. आत न येताच तो बोलू लागला.

"गुरुजी, समजलं! पोट्ट्याईनं समजावलं!"

त्याच्या शाळेत तांड्याची मुलं होती, तशी जवळच्या शेतवस्तीवरच्या कुणब्यांचीही दोन-चार होती. त्याने दहा मुलं ओळीने उभी केली. मराठी येते त्यांनी डावा हात वर करा, म्हणाला. सहा हात वर आले. ते तसेच ठेवायला लावून म्हणाला, गोरबोली येते त्यांनी उजवा हात वर करा. सात हात वर आले. त्यात शेतवस्तीवरचं एक पोरगंही होतं, खेळता खेळता शिकलेलं. प्रेमसिंगने ओळीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हात मोजले.

"हात तेरा, गुरुजी, अन् डोकी दहा! तीन पोट्टे दोन्ही हात वर करून उभे. तवा मले दिसलं. तुमचं पुस्तक डोकी इचारते, अन् मी आपला हात मोजत बसलो."

मी अर्धी दाढी तशीच ठेवून अंगणात आलो. मास्तरकीत असे क्षण फार नसतात, आणि हा तर मी शिकवलेलाही नव्हता. तरी आनंद झाला, मोठा आनंद झाला. पुढे मी माझ्या वर्गात जन्मभर हेच केलं, पोरं उभी केली आणि हात वर करायला लावले. इन्स्पेक्टर साहेबांना एकदा वाटलं की मी वर्गाला शिक्षा केली आहे.

"पन काम तं हाताच्या हिशेबानंच पडते ना, गुरुजी?" जाता जाता प्रेमसिंगने विचारलं.

"पडतं. पण पेपरात काम विचारत नाहीत, डोकी विचारतात."

"ठीक आहे. पेपरात डोकी," तो म्हणाला.

परीक्षा यवतमाळला होती. निकालाचं वर्तमानपत्र नागपूरहून यायचं आणि एस.टी. स्टँडवर त्याच्यासाठी झुंबड उडायची. प्रेमसिंगचा नंबर त्यात होता. गणितात तो कसाबसा वर निघाला होता, पण निघाला होता. पेपरात कापूस पेरणारे आणि ज्वारी पेरणारे शेतकरी आले होते, आणि त्याने दोन्ही पेरणारे बरोबर काढले होते. तांड्यातून पाचसहा माणसं त्याच्यासोबत माझ्या घरी आली. त्याची आई, काचेच्या भिंगांची काचोळी आणि हातभर बांगड्या घातलेली म्हातारी, आमच्या सौभाग्यवतीच्या गळ्यात पडून गोरबोलीत बरंच काही बोलली. आम्हाला त्यातलं एक अक्षर समजलं नाही आणि सगळं समजलं. त्या दिवशी मी स्वतःवर फार खूश होतो. शाळा वाचली, असं सौभाग्यवतीला मी रात्री जेवताना दोनदा सांगितलं.

दिवाळीच्या सुटीनंतर प्रेमसिंग पुन्हा आला. या वेळी एकटाच होता. बसला आणि फेटा काढून मांडीवर ठेवला. त्याची बदली झाली होती. दारव्ह्याकडच्या एका मोठ्या गावी, सात वर्गांच्या शाळेवर. मॅट्रिक झालेले मास्तर मोठ्या शाळांना पुरत नव्हते, आणि हा आता मॅट्रिक होता. पगार वाढणार होता. तांड्याला दुसरा मास्तर मिळणार होता, नवा आणि तात्पुरता.

"गुरुजी, तुमी साहेबाले सांगा ना," तो म्हणाला. "मले वाढीव पगार नोको. मले तिथीच राहू द्या."

मी त्याच्यासोबत यवतमाळला शिक्षणखात्याच्या कचेरीत गेलो. साहेब सभ्य होते, त्यांनी आम्हाला खुर्च्या दिल्या आणि सगळं ऐकून घेतलं. मी त्यांना दोन भाषांचं सांगितलं, पळून जाणाऱ्या मुलांचं सांगितलं. त्यांनी मान हलवली. मग म्हणाले, "पण एवढ्या मेहनतीने माणूस मॅट्रिक झाला, आणि तुम्ही त्याला तांड्यावर सडवायला निघालात? त्याचं भलं नको का व्हायला?" त्यांच्या बोलण्यात खोट नव्हती. खोट असती तर मला भांडता तरी आलं असतं. प्रेमसिंग खुर्चीच्या टोकावर बसून पायांकडे पाहत होता. बाहेर आल्यावर आम्ही चहा घेतला आणि परतीची बस धरली. मी शिकवलेल्या गणिताने त्या दिवशी मला जितकं थकवलं तितकं कधीच थकवलं नव्हतं.

तो गेला. बायकोमुलांनाही घेऊन गेला, कारण तिथे राहण्याची सोय होती. दरवर्षी तांड्याकडून एखादं तरी पोरगं आमच्या पाचवीत येईल, या आशेने मी जूनमध्ये दाखल होणाऱ्यांकडे पाहायचो. कोणी आलं नाही. मग पाहणंही सुटलं. पुढची बॅच, पुढचा पेपर, पुढचे हौद, माणूस किती ठिकाणी पाहणार?

दोनेक वर्षांनी दिग्रसच्या स्टँडवर त्याची गाठ पडली. शेताचं काही काम काढून तो तांड्याला येऊन परत चालला होता. फेटा गेला होता, डोक्यावर टोपी आली होती, पायात चांगल्या वहाणा. हेडमास्तर त्याच्यावर खूश होते, मुलगा मोठ्या शाळेत पहिला आला होता. हे सगळं त्याने मी विचारलं म्हणून सांगितलं.

"आणि तांड्याची शाळा?" मी विचारलं.

"आहे ना. कुलूप मजबूत आहे." तो हसला नाही. "मास्तर येते कधी, कधी नाई येत. आला तं लेकरं नसते. सारे ढोरामागं. परवा माह्याच पुतन्याले पाटी देऊन म्हटलं, आपलं नाव लिही. त्यानं पाटीवर बैल काढला. चांगला काढला, पन नाव नाई लिहिता आलं."

स्टँडवर पुसदची गाडी लागली होती, हमाल टपावर पोती चढवत होते. त्यांच्याकडे पाहतच तो म्हणाला, "गुरुजी, एक इचारू? मी तवा नापास झालो असतो तं?"

या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे तयार होतं. ते मी रात्री कितीतरी वेळा स्वतःलाच देऊन पाहिलं होतं आणि त्यावर मला झोपही लागत असे. मी म्हटलं, "तर नोकरी गेली असती. शाळा या वाटेनंही गेली आणि त्या वाटेनंही गेलीच असती. निदान तुमचं, मुलाबाळांचं तरी चांगलं झालं."

"नोकरी गेली असती, हे खरं आहे," तो म्हणाला. दारव्ह्याची गाडी आत वळली तशी त्याने पिशवी उचलली, माझ्या पायाला हात लावला आणि पायरीवर चढला. चढल्यावर वळून, त्याच त्या मऊ आवाजात, तक्रारीचा सूरही न लावता म्हणाला, "पन मी कुठी गेलो असतो, गुरुजी? मी तं तांड्यातच राह्यलो असतो."